बशीबद्दल आभार

लंडनमधल्या अपर नॉरवूडच्या ऑल सेंट्स चर्चमधल्या बाईंना सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव विचारायचं राहूनच गेलं. लेक हे तुम्हाला इंग्रजीत वाचून दाखवेल, पण आभार मानायचे तर मला मराठीच लागते.

तुमच्या आवारातल्या फिट्झरॉयसाहेबांच्या थडग्याबद्दल तुमच्याआधी दोन ठिकाणी विचारून झालं होतं. एकीकडे ‘फॉर्म भरा’, दुसरीकडे ‘तुम्ही नातेवाईक का?’ काय सांगणार! माझे बाबा कोकणातले कोळी. व्हाइस ॲडमिरल रॉबर्ट फिट्झरॉय १८६५ साली गेलेले. नातं एवढंच, की बंदरावर तीन नंबरचा बावटा लागला की बाबा होडी वर ओढायचे. आणि वादळाआधी खांबावर खुणा चढवायची रीत ब्रिटनच्या बंदरांत ह्या माणसाने १८६१ साली सुरू केली. खांबावरच्या शंकूचं टोक वर, तर उत्तरेचं वादळ. खाली, तर दक्षिणेचं.

लोकांना ते माहीत डार्विनच्या ‘बीगल’चे कप्तान म्हणून. मला मोठे वाटतात ते त्यानंतरचे. १८५९ मध्ये ‘रॉयल चार्टर’ जहाज वेल्सच्या अँगलसी बेटाच्या खडकांवर फुटलं, साडेचारशेच्या आसपास माणसं बुडाली, तेव्हापासून ह्यांनी इशाऱ्यांचा ध्यास घेतला. अंदाज चुकला की पेपरवाले टिंगल करत. खचून त्यांनी स्वतःच जीव दिला. पुढच्याच वर्षी विद्वानांच्या समितीने इशारे बंद पाडले. दर्यावर्दींनी ओरड केली तेव्हा १८६७ मध्ये पुन्हा सुरू झाले. जीव ज्याचा जातो, त्यालाच बावट्याची किंमत!

असो. त्या दिवशी पाऊस होता. क्रॉयडनहून आणलेला नारळ मी पिशवीतच लपवला होता. ख्रिस्ती माणसाच्या थडग्यावर चालेल की नाही, कोण जाणे. तुम्ही पिशवीत डोकावलात. मी अडखळत सांगितलं, नारळी पौर्णिमेला आम्ही दर्याला देतो तो. ठेवला तर घरंगळला. पुन्हा ठेवला, पुन्हा घरंगळला. तुम्ही काही न बोलता आत गेलात आणि बशी घेऊन आलात. नारळ त्यात बसवलात, शेंडी वर करून. मग बाबांचं नाव विचारलंत आणि नीट जमेपर्यंत तीनदा म्हणून पाहिलंत.

गावी परतल्यावर बायकोने पहिलं काय विचारावं? त्यांची बशी तिथेच टाकून आलात?

निळ्या काठाची होती. परत नेलीत ना?