सुप्याच्या बाजारातील कर्जखते

महोदय,

ब्रिटिश राजवटीची चर्चा रेल्वे, टपाल आणि न्यायालये यांच्या कौतुकावर थांबते; परंतु त्याच न्यायालयांनी शेतकऱ्याचे काय केले, हे पुणे जिल्ह्यातील सुपे गावाने १२ मे १८७५ रोजी सावकारांविरुद्धच्या दंग्याने दाखवून दिले. अमेरिकेतील यादवी युद्ध १८६५ मध्ये संपल्यावर कापसाचे भाव कोसळले, पुढे जमिनीच्या फेरआकारणीने शेतसारा वाढला, आणि निरक्षर कुणब्याने सहीऐवजी नांगराची निशाणी करून दिलेले कर्जखत, म्हणजे कर्जाचा लेखी दस्त, सावकाराच्या हातात न्यायालयाचा हुकूमनामा मिळवण्याचे हत्यार ठरले. म्हणूनच जमावाचा रोख माणसांपेक्षा कर्जखतांवर होता. ती हिसकावून जाळली गेली. व्यवहाराच्या मुळाशी जाण्याची मुभा न्यायालयांना १८७९ च्या कायद्याने मिळाली, तीही या उद्रेकानंतरच. शालेय इतिहासात हा प्रसंग सविस्तर शिकवला जावा, ही कळकळीची विनंती.

– एक वाचक, बारामती