देवाचं गाणं घेऊन बाहेर पडलेली रोझेटा

फिलाडेल्फिया,
१२ ऑक्टोबर

ती. स्व. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

बाबांकडून सगळं कळलं. सोसायटीच्या कार्यक्रमात सिनेमाच्या गाण्यांमध्ये तू तुकोबांचा अभंग म्हटलास, तोही कीबोर्ड आणि ड्रमच्या साथीवर, म्हणून भजनी मंडळातल्या बायकांनी अबोला धरलाय. "देवाचं गाणं देवळातच शोभतं," असं कुणीतरी तोंडावर सुनावलंही म्हणे. फोनवर तू विषय टाळलास, म्हणून लिहायला बसले. तुला सिस्टर रोझेटा थार्प या काळ्या अमेरिकन गायिकेबद्दल सांगायचंय. याच शहरात ती राहायची आणि १९७३ साली इथेच गेली.

तिचा जन्म १९१५ चा, आर्कान्सा राज्यातल्या कॉटन प्लांट नावाच्या छोट्या गावातला. आई केटी बेल चर्चची प्रचारक. गायची, मँडोलिन वाजवायची. त्यांच्या पंथात टाळ्या, खंजिरी, अंगात आल्यासारखं नाचणं हे सगळं प्रार्थनेतच धरलेलं. पोर सहा वर्षांची असल्यापासून आईबरोबर गिटार घेऊन लोकांसमोर उभी राहायची.

१९३८ साली ती न्यूयॉर्कला आली आणि कॉटन क्लबात गाऊ लागली. समोर दारूचे पेले, नाचणाऱ्या मुली, आणि ही येशूचं गाणं म्हणतेय! त्याच वर्षी डेका कंपनीनं तिच्या रेकॉर्ड काढल्या, डिसेंबरात ती कार्नेगी हॉलमध्येही गायली. चर्चवाले बिथरले. आपल्याकडे कीर्तनकार बाईनं तमाशाच्या फडावर जाऊन अभंग धरावा, तसंच झालं ते. त्यांचा राग मला खोटा वाटत नाही. काळ्या माणसाला हक्कानं मान वर करता येईल अशी जागा तेव्हा चर्चच होती, आणि तिथली ठेव हिनं बाजारात नेली असं त्यांना वाटलं. पण रोझेटानं ना देव सोडला, ना गिटार.

१९४५ साली तिचं एक भक्तिगीत काळ्या श्रोत्यांच्या रेकॉर्डच्या बिलबोर्ड यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं. गिटार, पियानो आणि तो धावता ठेका ऐकलास तर पुढे दहा वर्षांनी ज्याला लोक रॉक अँड रोल म्हणू लागले ते तिथे अर्धंअधिक तयार आहे, हे तुझ्या कानाला लगेच कळेल. १९४७ साली मेकन गावात एका चौदा वर्षांच्या पोराला तिनं गाताना ऐकलं, स्टेजवर बोलावलं आणि वर पैसेही दिले. तो पुढचा रॉक अँड रोलचा गाजलेला गायक लिटल रिचर्ड. गायक जॉनी कॅश तर लहानपणची आपली आवडती गायिका म्हणून तिचंच नाव घ्यायचा. आणि हीच बाई दक्षिणेत दौऱ्यावर असली की गोऱ्यांच्या हॉटेलात तिला खोली मिळत नसे, बसमध्येच झोपावं लागे.

१९५१ चं तिचं लग्न तर वॉशिंग्टनच्या स्टेडियममध्ये, तिकीट लावून! वीस हजारांवर लोक आले, आणि नवरीनं लग्नाच्या पोशाखातच गिटार वाजवली.

आत्या, यूट्यूबवर १९६४ चा मँचेस्टरचा कार्यक्रम आहे, तो बघच. एक बंद पडलेलं रेल्वे स्टेशन. एका फलाटावर प्रेक्षक, समोरच्या फलाटावर ती, मध्ये रूळ. पावसानं सगळं ओलंचिंब. घोडागाडीतून उतरून अंगात लांब कोट घातलेली ही बाई येते, गिटार गळ्यात अडकवते आणि बायबलमधल्या नोहाच्या महापुरातल्या पावसाचं गाणं धरते. मध्येच गाणं थांबवून तिची बोटं तारा अशा खेचतात की गिटारच पुढची ओळ म्हणते. तू पेटीवर ओळ सोडून देतेस ना, आम्ही ती मनात पुरी करावी म्हणून? अगदी तेच. चेहऱ्यावर कुणाची परवानगी मागितल्याचा लवलेश नाही.

पुढे मधुमेहानं पाय गेला, तरी ती गात होती. गेल्यावर मात्र कितीतरी वर्षं तिच्या थडग्यावर साधा दगडही नव्हता. चाहत्यांनी कार्यक्रम करून पैसे जमवले, तेव्हा कुठे तो बसला. परवा तिच्या पुण्यतिथीनंतरच्या सुट्टीत नॉर्थवुड दफनभूमीत जाऊन आले. ती गायची तेव्हा आधी तुमच्या डोळ्यांत पाणी यायचं आणि मग तुम्ही आनंदानं नाचायचात, अशा अर्थाचं काहीतरी त्यावर कोरलंय. रॉकच्या हॉल ऑफ फेममध्ये तिला घ्यायला तर २०१८ उजाडलं. एवढ्या उशिराचा मला अजून राग येतो.

मंडळातल्या बायकांशी तू भांडू नकोस, त्या तुझ्या तीस-चाळीस वर्षांच्या मैत्रिणी आहेत. एकादशीला नेहमीसारखी जाऊन बस. पण दिवाळी पहाटेला सोसायटीनं पुन्हा बोलावलंय, तर तिथेही जा. त्या ड्रमवाल्या मुलाला धुमाळी आधी नीट शिकव, मागच्या वेळी तो पुढे पळत होता असं बाबा म्हणाले. आणि त्यांना मोबाइलवर सगळं रेकॉर्ड करून मला पाठवायला सांग.

तुझी भाची,
मनू