काळा घोड्याच्या दालनांतल्या अनामिकांचे आभार

छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात लघुचित्रांपाशी उजेड मंद ठेवणाऱ्यांचे आधी आभार. कागदावरच्या रंगांना साधारण ५० लक्सचाच (लक्स म्हणजे उजेड मोजायचं एकक) उजेड सोसतो; त्यापुढे ते लवकर फिकटतात आणि उडालेला रंग परत येत नाही. 'दिवे लावा की!' अशी कुरकुर ऐकूनही तुम्ही शांतपणे सांगता, दोन-चार मिनिटं थांबा, डोळे सरावतील. सरावतातच.

सोमवारी राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालय बंद असतं. तिथून परतणाऱ्यांना जवळच्या, फुकट प्रवेशाच्या जहांगीर कलादालनाकडे वळवणाऱ्या पहारेकऱ्यांचेही आभार. आणि तिथे चित्रांचे मध्य जमिनीपासून दीडेक मीटरवर एका रेषेत टांगणाऱ्यांचे! फ्रेमच्या वरच्या कडा जुळवल्या तर लहान चित्रं डोक्यावर जातात, हे तुम्हाला चित्रकारांपेक्षा पक्कं ठाऊक असतं.