हप्ता किती ते छापता, एकूण किती तेही छापा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रिझर्व्ह बँकेने रेपो दर (ती इतर बँकांना ज्या दराने कर्ज देते तो दर) कमी केला की दुसऱ्या दिवशी आपल्या पहिल्या पानावर गृहकर्जदारांना दिलासा मिळाल्याची बातमी असते. सोबत एक चौकट असते: अमुक लाखांच्या कर्जाचा हप्ता इतका होता, आता इतका होईल. २०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून मिळून दर पूर्ण एक टक्क्याने उतरला, तेव्हा अशा चौकटी लागोपाठ वाचायला मिळाल्या. त्यातले आकडे बरोबरच होते. पण त्या वाचून आमच्या सोसायटीतल्या काही जणांनी बँकेत जाऊन हप्ता कमी करून घेतला, आणि आपण मोठा फायदा पदरात पाडला असं ते आजही समजतात. त्यांना जे कुणी सांगितलं नाही ते सांगण्यासाठी हे पत्र.

मी एका राष्ट्रीयीकृत बँकेच्या कर्ज विभागातून निवृत्त झाले. घरकर्जाच्या फायली हेच माझं काम होतं. आता डोंबिवलीत राहते. ओळखीतलं कुणी घर घ्यायला निघालं की मंजुरीपत्र घेऊन एकदा माझ्याकडे येतं, त्यामुळे हा विषय निवृत्तीनंतरही सुटलेला नाही.

आधी त्या चौकटीबद्दल. समजा ३० लाख शिल्लक आहेत, वीस वर्षं उरली आहेत आणि व्याज साडेनऊवरून साडेआठ टक्क्यांवर आलं. हप्ता २७,९६४ चा २६,०३५ होतो. महिन्याला १,९२९ रुपये हातात राहतात, आणि चौकट इथे संपते. पण तोच माणूस बँकेला म्हणाला, की माझा हप्ता आहे तेवढाच ठेवा आणि मुदत कमी करा, तर त्याचं कर्ज तीन वर्षांहून जास्त लवकर फिटतं आणि एकूण भरण्यातले जवळपास सहा लाख रुपये वाचतात. जो माणूस काल २७,९६४ भरत होता, त्याला ते आजही परवडतात. त्याची सवय मोडून त्याला १,९२९ रुपये परत द्यायचे आणि पुढे सहा लाख घ्यायचे, याला दिलासा कसं म्हणायचं?

हप्ता समान असला तरी त्याच्या आतलं माप दर महिन्याला बदलत असतं, हे बहुतेकांना ठाऊक नसतं. आणि यात त्यांचा दोष नाही, कारण हप्त्याची पावती एकाच आकड्याची असते. ३० लाख, साडेआठ टक्के, वीस वर्षं. पहिल्या महिन्याच्या २६,०३५ मधले २१,२५० व्याजाचे आणि अवघे ४,७८५ मुद्दलाचे. मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावं वर्ष सरत यावं लागतं. दहा वर्षं नेमाने हप्ते भरून, म्हणजे ३१ लाखांहून जास्त रक्कम देऊन झाल्यावर अजून किती देणं आहे म्हणून विचारलं, तर उत्तर येतं २१ लाख! मुलांच्या शिक्षणासाठी घर विकायला निघालेल्या किंवा कर्ज एकदम फेडून टाकू म्हणणाऱ्या माणसांचे चेहरे हे उत्तर ऐकून कसे उतरायचे, ते मी काउंटरच्या आतल्या बाजूने पाहिलं आहे. बँक फसवत नव्हती. शिल्लक रकमेवर व्याज लागणार, आणि सुरुवातीला शिल्लक जास्त म्हणून व्याज जास्त, इतका तो सरळ हिशेब आहे. पण तो सही करायच्या आधी समजला पाहिजे.

आता दर वाढतो तेव्हा काय होतं ते पाहा, कारण खरं नुकसान तिथे होतं आणि ते आवाज न करता होतं.

आमच्या खालच्या मजल्यावरच्या एका मुलाने २०२१ मध्ये ३० लाखांचं कर्ज घेतलं. तेव्हा रेपो दर चार टक्के होता, कर्ज सात टक्क्यांनी मिळालं, मुदत वीस वर्षं, हप्ता २३,२५९. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने सहा वेळा दर वाढवला, मिळून अडीच टक्के. त्याच्या कर्जाचा दर साडेनऊवर गेला. २०२३ च्या पावसाळ्यात तो स्टेटमेंट घेऊन माझ्याकडे आला. कारण भलतंच होतं, त्याला गाडीसाठी टॉप-अप, म्हणजे याच घरकर्जावर वाढीव कर्ज, हवं होतं. म्हणाला, "काकू, व्याज वाढलं वाढलं म्हणतात, पण माझा हप्ता तर फक्त हजार रुपयांनी वाढलाय."

मी स्टेटमेंट पाहिलं. शिल्लक मुद्दल सुमारे २८ लाख ८० हजार. साडेनऊ टक्क्यांनी त्यावर महिन्याचं व्याजच २२,८०० होतं. जुन्या हप्त्यातून मुद्दलात साडेचारशे रुपयांच्या आसपास गेले असते, आणि त्या गतीने कर्ज फिटायला चाळीस वर्षांहून जास्त लागली असती. म्हणून बँकेच्या प्रणालीने हप्ता २४,२१७ केला आणि मुदत उरलेल्या अठरा वर्षांवरून तीस वर्षांवर नेली. मुलगा चौतिशीतला. म्हणजे शेवटचा हप्ता चौसष्टाव्या वर्षी! स्टेटमेंटच्या तळाशी उरलेल्या हप्त्यांची संख्या इंग्रजीत छापलेली होती, ३६०. त्याने ती पाहिलेली नव्हती. मी बोट ठेवून दाखवली तेव्हा तो बराच वेळ काही बोलला नाही.

मग आम्ही वहीत दोन्ही हिशेब मांडले. दर असाच राहिला असं धरलं, तर २४,२१७ रुपये तीस वर्षं म्हणजे ८७ लाख १८ हजार. आणि मुदत अठरा वर्षंच ठेवायची तर हप्ता २७,८७६, एकूण ६० लाख २१ हजार. महिन्याला ३,६५९ रुपये जास्त भरले तर सत्तावीस लाख वाचतात. गाडीचा विषय तिथेच बाजूला पडला. तो शाखेत गेला तर तिथल्या अधिकाऱ्याने विचारलं, "आत्ताचा हप्ता परवडतोय ना, मग वाढवता कशाला?" अधिकाऱ्याचा यात वाईट हेतू असेल असं मी म्हणणार नाही. पण समोरच्याचे सत्तावीस लाख वाचतात हे त्याने स्वतःहून सांगायला हवं होतं.

त्यानंतर लगेचच, १८ ऑगस्ट २०२३ रोजी, रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे निवडण्याचा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे; स्थिर दरावर जाण्याचा पर्यायही दिला पाहिजे (ऑक्टोबर २०२५ पासून हा एक पर्याय देणं बँकेच्या मर्जीवर आहे); आणि दर तिमाहीला आतापर्यंत मुद्दल किती, व्याज किती, हप्ता किती, हप्ते किती उरले हे सांगणारं विवरण दिलं पाहिजे. जुन्या कर्जदारांनाही ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत हे लागू करायचं होतं. नियम उत्तम आहे. या मुलाला तशी मेल आलीही होती. आम्ही शोधली तेव्हा ती क्रेडिट कार्डांच्या जाहिरातींच्या ढिगात सापडली, न उघडलेली. मजकूर सगळा इंग्रजी. ठरावीक मुदतीत उत्तर न दिल्यास सध्याचीच व्यवस्था चालू राहील, असं शेवटच्या परिच्छेदात लिहिलं होतं.

इथेच माझं म्हणणं आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जांना 'की फॅक्ट स्टेटमेंट', म्हणजे कर्जाची मुख्य माहिती देणारा कागद, देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर किती पडतो ते द्यावं लागतं, परतफेडीचा पूर्ण तक्ता द्यावा लागतो, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावं, त्याला समजावून सांगावं, असं रिझर्व्ह बँकेनेच म्हटलेलं आहे. मग कल्याण, अंबरनाथ, बदलापूर, वसई, विरार, चाकण, सातपूर इथे घर घेणाऱ्या कामगाराला, रिक्षावाल्याला, अंगणवाडी सेविकेला ते मराठीत का मिळत नाही? माझ्याकडे आलेल्या कागदांत मराठीतलं एकही मी पाहिलेलं नाही. "मला हे समजलं आहे" या ओळीखालची सही मात्र प्रत्येकावर होती. माझी वाचकांना विनंती आहे, मराठी प्रत मागा. लेखी मागा. नियम तुमच्या बाजूचा आहे.

त्या कागदात विम्याची ओळही पाहा. कर्जासोबत विमा असणं चांगलं, घरातला कमावता माणूस गेला तर घर वाचतं. पण तो त्याच बँकेतून, एकरकमी हप्त्याचा आणि कर्जातच मिळवलेला घेतला पाहिजे असा कुठलाही नियम नाही. ८० हजारांचा विमा कर्जात मिळवला की साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे १ लाख ६६ हजार होतात. साधा टर्म प्लॅन (फक्त मृत्यू झाल्यास रक्कम देणारा विमा) बाहेरून घ्या, दरवर्षी पैसे भरा.

आणि करसवलत. "व्याजावर टॅक्स वाचतो, मग कर्ज लवकर फेडता कशाला?" हा सल्ला मी शिकल्यासवरल्या माणसांच्या तोंडून ऐकते. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट आहे हे खरं. पण तिथेही वीस टक्क्यांच्या टप्प्यातला माणूस बँकेला एक रुपया देऊन सरकारकडून वीस पैसे वाचवतो. नव्या पद्धतीत तर राहत्या घराला ती वजावटच नाही, आणि निवड केली नाही तर आता नवीच पद्धत लागू होते.

कर्ज काढू नका असं मी मुळीच म्हणत नाही. कर्ज नसतं तर आमच्या पिढीतल्या निम्म्या डोंबिवलीला छप्पर मिळालं नसतं, माझं घरही कर्जावरच झालं. आम्हा बँक कर्मचाऱ्यांना ते सवलतीच्या दराने आणि साध्या व्याजाने मिळायचं, आधी मुद्दल वळतं व्हायचं आणि मग व्याज. सामान्य कर्जदाराला तसं कधीच मिळत नाही, ही गोष्ट मला नोकरीत असतानाही बोचत असे. म्हणून तर त्याला निदान हिशेब तरी पूर्ण मिळावा.

मोजका उपायही सांगते. फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. ३० लाखांच्या त्याच कर्जात दरवर्षी एक हप्ता जास्तीचा, बोनसमधून, दिवाळीत, जमेल तसा भरला, तरी वीस वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून अधिक लवकर संपतं. भरताना मात्र अर्जात स्पष्ट लिहा, "हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी", आणि पोच घ्या. आणि कर्ज जुन्या पद्धतीच्या दरावर अडकलं असेल, तर रेपोशी जोडलेल्या दरावर यायला किती शुल्क लागतं ते विचारून घ्या. बहुतेक वेळा ते शुल्क काही महिन्यांतच भरून निघतं.

आता आपल्या वृत्तपत्राकडे वळते. शनिवारच्या घरांच्या पुरवणीत पानभर जाहिराती असतात, "हप्ता दरमहा फक्त इतका". त्यावर आपलं नियंत्रण किती असतं हे मला माहीत आहे. पण त्याच पुरवणीत, सोन्याचा भाव आपण रोज छापता तशी एक छोटी चौकट आपण नक्की छापू शकता. आज साडेआठ टक्के दर धरला तर ती अशी होईल: कर्ज १० लाख. पंधरा वर्षं, हप्ता ९,८४७, एकूण व्याज ७ लाख ७२ हजार. वीस वर्षं, हप्ता ८,६७८, एकूण व्याज १० लाख ८३ हजार. तीस वर्षं, हप्ता ७,६८९, एकूण व्याज १७ लाख ६८ हजार. ज्याला ३० लाख घ्यायचे आहेत तो तिनाने गुणेल.

वीस आणि तीस वर्षांच्या हप्त्यांत हजाराचाही फरक नाही, आणि व्याजात जवळपास सात लाखांचा आहे. हे दोन आकडे शेजारी शेजारी छापलेले नवरा-बायकोने टोकन द्यायला जाण्याआधी घरी बसून वाचले, तर त्यांचं त्यांना ठरवता येईल. जागा चार ओळींची लागेल. दर बदलला की नवे आकडे मी काढून आपल्याकडे पाठवीन, त्याचं मानधन नको.

आपली,
एक निवृत्त बँक कर्मचारी,
डोंबिवली (पूर्व)