खरवडलेला नंबर

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मी सुतार. ड्रिलची बॅटरी चार्ज होईना की हातावर हात ठेवून बसावं लागतं, म्हणून चार्जर उघडायला शिकलो. गेल्या महिन्यात माझा १८ व्होल्टचा चार्जर मेला. साधा दिवाही लागेना. 'बोर्ड गेलं, नवा घ्या', एवढंच उत्तर मिळालं.

उघडला तर फ्यूज शाबूत. वीज साठवणाऱ्या मोठ्या कपॅसिटरवर ३२५ व्होल्ट डीसी, म्हणजे एसीची डीसी करणाऱ्या ब्रिजपर्यंत सगळं ठीक. पुढच्या आयसीचा, म्हणजे चार्जर चालवणाऱ्या चिपचा, पुरवठा मात्र चढायचा आणि लगेच कोसळायचा. दोष निघाला शेजारच्या ४७ मायक्रोफॅरडच्या कपॅसिटरमध्ये. वाटाण्याएवढा, वरून फुगलेला नाही, फुटलेला नाही, पण आतून सुकलेला. तो बदलला आणि चार्जर सुरू झाला.

एवढ्याला मला तीन संध्याकाळी लागल्या, कारण आयसीवरचा नंबर खरवडून टाकलेला होता. नंबर असता तर कोणती पिन कशाची हे डेटाशीटमध्ये, म्हणजे आयसीच्या माहितीपत्रकात, पाच मिनिटांत सापडलं असतं. त्याऐवजी बोर्ड दिव्यासमोर धरून तांब्याची एकेक पट्टी बोटाने शोधत बसलो.

सुरक्षेसाठी खरवडतात म्हणे. धोका आहे, कबूल. आयसी चालत नसला की मोठ्या कपॅसिटरमधली वीज खर्च व्हायला वाट नसते, त्यामुळे प्लग काढल्यावरही ती बराच वेळ टिकते. चालत्यापेक्षा मेलेला चार्जर जास्त चावतो! मी एकदा खाल्लाय तो झटका. आता आधी रेझिस्टर लावून वीज उतरवतो, मग मीटरने खात्री करतो. पण नंबर खरवडल्याने ती वीज कमी होते का? उलट माणूस अंदाजाने चाचपडत राहतो.

बरं, दर वेळी दोष चार्जरचाच असतो असंही नाही. बहुतेक बॅटरी पॅकना तापमान सांगणारी वेगळी पिन असते. ती काळवंडली किंवा पॅक फारच उतरला, की चार्जर नकार देतो आणि शिव्या त्यालाच बसतात. (ती पिन फसवायला रेझिस्टर जोडणारे महाभाग पाहिलेत. कृपा करून नको!)

उत्पादकांनी आयसीचे नंबर राहू द्यावेत आणि माहितीपत्रकाच्या कोऱ्या पाठीवर सर्किट छापावं, एवढीच मागणी. माझ्या आयसीचा नंबर मला अजूनही ठाऊक नाही. पुरवठ्याची पिन कोणती, ते झाकणाच्या आतून मार्करने लिहून ठेवलंय.

आपला,
एक वाचक