गुन्हेगार तोच, हे त्याला कोणी सांगितलं?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

स्टुडिओच्या पाठबळाशिवाय बनणाऱ्या गुन्हेपटांवरचा रविवारच्या पुरवणीतला लेख वाचला. कायदा हातात घेणाऱ्या नायकांच्या अशा सिनेमांत हाणामारी कच्ची असली तरी संताप अस्सल असतो, असा लेखाचा एकूण सूर आहे. संतापाबद्दल माझी तक्रार नाही. पण लेखात एक प्रश्न कुठेच आलेला नाही. ज्याला मारायचं तोच गुन्हेगार, हे नायकाला कोणी सांगितलं?

मी बरीच वर्षं संकलनाच्या टेबलावर काढली आहेत, त्यामुळे उत्तर मला ठाऊक आहे. आम्ही सांगितलं! पहिल्या दहा मिनिटांत गुन्हा पडद्यावर घडतो. गुन्हेगाराची एखादी खूण, हातावरचं गोंदण म्हणा किंवा हसण्याची लकब, प्रेक्षकाच्या डोक्यात बसेल इतका वेळ शॉट धरला जातो. तासाभराने नायक पिस्तूल रोखतो तेव्हा तेच गोंदण पुन्हा दिसतं आणि सगळे निर्धास्त होतात. नायकाने ते आधी पाहिलेलं असो वा नसो, आपण पाहिलंय ना, मग झालं. साक्षीपुरावे आणि उलटतपासणी दोन कटांत उरकते. गोळी सुटण्याआधी फ्लॅशबॅकचा एक तुकडा लावला की शंकेला जागाच उरत नाही. बाहेरच्या जगात ही सोय कुणालाच नसते. तिथे असतो अंधारात ओझरता दिसलेला चेहरा, नाहीतर मोबाइलवर फिरत फिरत आलेला फोटो.

या प्रकारातलं सगळ्यात गाजलेलं नाव ‘डेथ विश’ (१९७४). त्यात नायकाच्या, म्हणजे चार्ल्स ब्रॉन्सनच्या, बायकोचा खून होतो, मुलीवर अत्याचार होतो आणि तो रात्री रस्त्यावर उतरून लुटारूंना गोळ्या घालू लागतो. गंमत अशी, की घरात घुसलेले ते तिघे त्याला शेवटपर्यंत सापडतच नाहीत. तो मारतो ते दुसरेच लोक. प्रेक्षकांना याचं फारसं काही वाटलं नाही, टाळ्या मिळाल्याच. मूळ कादंबरी (१९७२) लिहिणारे ब्रायन गारफिल्ड मात्र इतके अस्वस्थ झाले की १९७५ मध्ये त्यांनी तिचा पुढचा भाग लिहिला, तोही अशा न्यायाच्या विरोधात.

त्याच्या कितीतरी आधी, १९३१ मध्ये, जर्मन दिग्दर्शक फ्रिट्झ लांगने ‘एम’ हा सिनेमा केला होता. लहान मुलांचा खुनी मोकाट आहे, पोलिसांच्या धाडींनी गुन्हेगारी टोळ्यांचा धंदा बसलाय, म्हणून टोळ्याच त्याला शोधायला निघतात. भिकाऱ्यांना पहाऱ्यावर बसवतात. त्याला ओळखतो कोण, तर फुगे विकणारा एक आंधळा, आणि तेही त्या खुन्याच्या शिटीवरच्या सुरावरून. खून लांग दाखवत नाही. घरंगळत आलेला चेंडू आणि तारांत अडकलेला फुगा, बस्स. गुन्हेगार खरा तोच आहे, तरीही टोळीवाल्यांनी भरवलेल्या त्या खटल्यात खुनी झालेला पीटर लॉर घसा फोडून बोलू लागतो तेव्हा त्याच्या समोर बसलेल्या ‘न्यायाधीशां’कडे बघणं अवघड होतं. ‘द ऑक्स-बो इन्सिडेंट’ (१९४३) तर त्याहून सरळ. जमाव तिघांना फाशी देतो आणि मग कळतं, ज्याच्या खुनासाठी दिली तो माणूस जिवंत आहे. सिनेमा सव्वा तासाचा, एवढाच. पुरतो.

आता लेखाच्या मूळ विषयाकडे, कमी पैशांच्या सिनेमाकडे. जेरेमी सोलनियरचा ‘ब्लू रुइन’ (२०१३) अंशतः लोकवर्गणीतून उभा राहिला आणि कान महोत्सवात समीक्षकांचा पुरस्कार घेऊन आला. (पुढे कथेतलं बरंच काही सांगतो आहे, पाहायचा असेल त्यांनी हा परिच्छेद सोडावा.) नायक ड्वाइटच्या आईवडिलांच्या खुनासाठी तुरुंगात गेलेला माणूस सुटतो आणि ड्वाइट त्याला चाकूने मारतो. मारण्याची पद्धत इतकी ओबडधोबड, की पळता येऊ नये म्हणून ज्या गाडीचं टायर याने फाडलं, त्याच गाडीतून याला पळावं लागतं, कारण स्वतःच्या गाडीची किल्ली हरवलेली. पायात घुसलेला बाण स्वतः उपटायला जातो, जमत नाही, मग मुकाट्याने इस्पितळ गाठतो. पण खरा घाव पुढे आहे. खून त्या माणसाने केलेलाच नव्हता. केला होता त्याच्या बापाने, आणि आजारी बापाऐवजी मुलगा तुरुंगात गेला होता. न्यायालयाचा निकालसुद्धा चुकीचा होता आणि ड्वाइट त्याच निकालावर विसंबला. हे कळेपर्यंत प्रेक्षकही त्याच निकालावर विसंबून निर्धास्त असतो, सोलनियरने तो मूळ खून कधी दाखवलेला नसूनही.

मला वाटतं, हे पैसे कमी असल्यामुळे जास्त जमतं. दहा गाड्या उडवायच्या असतील तर दिग्दर्शकाला मेलेल्या माणसाकडे बघायला वेळ नसतो. ज्याच्याकडे एक खोली, दोन नट आणि मोजके दिवस आहेत त्याला त्या खोलीतच थांबावं लागतं. पैशाची चणचण म्हणजे गुणवत्ता असं मात्र नव्हे. फुकटात बनलेले भिकार सूडपट मी भरपूर कापले आहेत.

एकदा एका नवख्या दिग्दर्शकाने स्वतःच्या खिशातून असाच सिनेमा केला होता. शेवटपर्यंत कळत नसे, की मारला गेलेला माणूस दोषी होता की नाही. मित्रमंडळींना पहिला जोड, म्हणजे सिनेमाची कच्ची जुळणी, दाखवला, सगळे चुळबुळले. ‘नक्की यानेच केलं ना?’ असं तिघांनी विचारलं. दिग्दर्शक घाबरला. चित्रित करून बाजूला ठेवलेला तीन सेकंदांचा एक शॉट होता, दरवाजाच्या कडीवर त्या माणसाचा हात. तो मी सुरुवातीला जोडला. चुळबूळ थांबली, सिनेमाही तिथेच संपला. नको म्हणायला हवं होतं, म्हटलं नाही.

आपल्या समीक्षकांना एवढीच विनंती की अशा सिनेमाचं परीक्षण लिहिताना क्लायमॅक्सच्या जोडीला, मूळ गुन्हा पडद्यावर दाखवलाय की नाही आणि दाखवला असेल तर कुणाच्या नजरेतून, तेही एका ओळीत लिहावं.

आपला,
एक वाचक (निवृत्त चित्रपट संकलक)