आकुंचन म्हणजे चेपणे नव्हे

महोदय,

विशेष सापेक्षतेविषयी (प्रकाशाच्या वेगाजवळच्या गतीत लांबी आणि काळ कसे मोजले जातात, हे सांगणाऱ्या आइन्स्टाइन यांच्या सिद्धांताविषयी) मराठीत लिहिताना ‘वेगवान वस्तू आखडते’ एवढेच सांगून पुढे जाण्याची रीत पडली आहे. सोबत चेपलेल्या डब्यांच्या आगगाडीचे चित्र हमखास असते आणि गाडीवर कसला तरी दाब येतो, असा समज त्यातून शाळकरी वयातच पक्का होतो. प्रत्यक्षात गाडीतील प्रवाशाला आपला डबा तसूभरही आखूड आढळत नाही. आखडतो तो बाहेरचा मुलूख.

आपल्या रत्नागिरीजवळचा करबुडे बोगदा साडेसहा किलोमीटरचा आहे. तेवढ्याच लांबीची एक काल्पनिक गाडी प्रकाशाच्या ८० टक्के वेगाने त्यात शिरली, तर बोगद्यापाशी उभ्या गँगमनच्या मोजणीत ती ३.९ किलोमीटर भरेल आणि दोन्ही तोंडांना दरवाजे असल्यास ते एकाच क्षणी लावून लगेच उघडता येतील. प्रवाशाच्या मोजणीत मात्र बोगदाच ३.९ किलोमीटरचा आहे, मग त्यात अख्खी गाडी मावली कशी? मावलीच नाही. त्याच्या घड्याळांनुसार पुढचा दरवाजा आधी लागून उघडतो आणि मागचा त्यानंतर सुमारे २९ मायक्रोसेकंदांनी (सेकंदाच्या दशलक्षांशांनी) लागतो. धावत्या वस्तूची लांबी मोजणे म्हणजे तिची दोन्ही टोके एकाच क्षणी कोठे होती हे टिपणे, आणि तो ‘एकच क्षण’ दोघांना समान नसतो, हे आइन्स्टाइन यांनी १९०५ मध्ये दाखवले. त्यापूर्वी फिट्झजेराल्ड (१८८९) आणि लोरेन्ट्झ (१८९२) या भौतिकशास्त्रज्ञांनी ईथरमधील (प्रकाश ज्यातून प्रवास करतो असे तेव्हा मानले जाई, त्या माध्यमातील) गतीमुळे पदार्थ खरोखरच आखडतो, असे मानले होते. आपली चित्रे अजून तेथेच थांबली आहेत.

(ताशी १०० किलोमीटरने धावणाऱ्या नेहमीच्या गाडीतून हाच बोगदा एका अणूच्या रुंदीहूनही कमी आखडतो, तेव्हा तो अनुभव कोणी शोधू नये.)

पुरावा मात्र किनाऱ्यावरही रोज पोहोचतो. विश्वकिरणांमुळे (अवकाशातून येणाऱ्या वेगवान कणांमुळे) सुमारे १५ किलोमीटर उंचीवर निर्माण होणाऱ्या म्युऑन या अल्पायुषी सूक्ष्म कणांचे सरासरी आयुष्य २.२ मायक्रोसेकंद असते, म्हणजे प्रकाशाच्या वेगानेही ते साधारण ६६० मीटरच जावेत. तरीही समुद्रसपाटीला प्रत्येक चौरस सेंटिमीटरवर मिनिटाला साधारण एक म्युऑन येतो. आपल्या मोजणीत त्याचे आयुष्य लांबते; प्रकाशाच्या ९९.८ टक्के वेगाच्या म्युऑनच्या बाजूने पाहिले, तर तेच १५ किलोमीटर एका किलोमीटरहून कमी भरतात.

तेव्हा यापुढे चेपलेल्या गाडीचे चित्र छापताना शेजारी प्रवाशाच्या बाजूचे चित्रही द्यावे, ज्यात डबे शाबूत आणि बोगदा आखूड असेल, ही विनंती.

– एक वाचक, रत्नागिरी